लाडू, लोणचं आणि इंग्रजी

(मोहाडी येथे बचतगटातल्या बायांसमोर केलेल्या भाषणाचा मजकूर)



काल रात्री आपण सगळ्यांनी मिळून 'इंग्लिश विंग्लिश' पाहिला. दोनदा लाइट गेली, तरी कुणी उठलं नाही. श्रीदेवीला तुम्ही सगळ्या ओळखता. पण हा चित्रपट केला कोणी, हे एकीनेही विचारलं नाही. म्हणून आज तिच्याविषयी बोलते.

ती गौरी शिंदे. पुण्याची, जन्म १९७४चा. शिक्षण झाल्यावर ती मुंबईत जाहिरातींच्या कामात शिरली आणि शंभराच्या वर जाहिरातपट केले. या कामात माल दुसऱ्याचा, पैसा दुसऱ्याचा, आणि अर्ध्या मिनिटात गोष्ट सांगून संपवायची. २००१ साली तिने 'ओह मॅन!' हा लघुपट केला. पहिला मोठा चित्रपट मात्र २०१२ साली आला, तेव्हा ती अडतीस वर्षांची होती. नवरा आर. बाल्की याच धंद्यातला, तोही दिग्दर्शक, आणि या चित्रपटाचा एक निर्माता. हे मुद्दाम सांगते. तिची हुशारी खरीच, पण दार ठोठावायला तिला दार तरी होतं. आपल्या मोहाडीच्या पोरीला ते दार कुठे आहे हेच माहीत नसतं.

गौरीची आई पुण्यात घरून लोणच्याचा धंदा करायची. इंग्रजी तिला नीट येत नसे. शाळेत असताना आपल्याला त्याची लाज वाटायची, असं गौरीने स्वतःच मुलाखतींत सांगितलंय. हा चित्रपट म्हणजे आईची मागितलेली माफी. आईच्या लोणच्याचे पडद्यावर लाडू झाले, एवढंच. शशी गोडबोले लाडू विकून पैसे कमावते, तरी घरात तो तिचा छंदच. नवरा पाहुण्यांसमोर तिच्या लाडवांचं कौतुक करतो, तेच कसं टोचतं, ते तुम्ही पाहिलंत. मारहाण नाही, शिवीगाळ नाही. अशा अपमानाची फिर्याद कुठल्या ठाण्यात द्यायची? मला सर्वांत आवडली ती शेवटची जागा: विमानात ती इंग्रजीतच हिंदी वर्तमानपत्र मागते.

२०१३ साली गौरीने तनिष्क दागिन्यांची जाहिरात केली. सावळी नवरी, तिची लहान मुलगी, आणि आईचं दुसरं लग्न. शहरात त्याचं फार कौतुक झालं. आपल्याकडे पाट नवा नाही. पण तो लागायचा रात्री, गुपचूप, वाजंत्रीशिवाय. जाहिरातीत तेच लग्न उजेडात, मुलीला कडेवर घेऊन होतं. अर्थात शेवटी विकायचं होतं सोनंच, तेव्हा फार भाळू नका. २०१६ साली 'डियर जिंदगी' आला. त्यात कॅमेरा चालवणारी मुलगी मनाच्या डॉक्टरकडे जाते. तो शहराचाच चित्रपट आहे; तरी झोप न लागणाऱ्या बाईला देवऋष्याकडे न नेता बोलतं करावं, एवढं त्यातून घेता येईल.

आता माझं सांगते. माझी आई विड्या वळायची. सूप मांडीवर, बोटांना तंबाखूचा वास. ठेकेदार त्यातल्या कितीतरी छाट म्हणून बाजूला टाकायचा, त्यांचे पैसे नाहीत. त्या विड्यांवर मी एम.एस.डब्ल्यू. झाले. नागपूरला कॉलेजच्या फॉर्मवर 'आईचा व्यवसाय' असा रकाना होता. मी 'गृहिणी' लिहिलं. घरी बसून विड्या वळणाऱ्या बाईलाही १९६६च्या कायद्याने कामगार मानलं होतं, हे मी त्याच कॉलेजात शिकले. परीक्षेत लिहिलंही. फॉर्म मात्र बदलला नाही.

आई आज मागच्या रांगेत बसली आहे. हे तिला मी आजवर सांगितलं नव्हतं.

काल सिनेमा संपल्यावर मी आपल्या गटाचं रजिस्टर उघडलं. अकरा जणींच्या नावापुढे 'गृहिणी' लिहिलेलं आहे. अक्षर माझंच. त्यांतल्या सहा जणी विड्या वळतात, तिघी रोवण्याला जातात, एकीची शिलाई मशीन आहे, एक भाजी विकते. चहा होईपर्यंत मी रजिस्टर घेऊन इथेच बसते. एकेकीने या आणि काय लिहायचं ते सांगा.