दारचे लग्न आणि त्याचे अंदाजपत्रक
(मंडळाच्या वार्षिक संमेलनातील भाषण)



कार्यालयाचे भाडे परवडत नाही म्हणून, किंवा घरच्या अंगणातच मुलीला निरोप द्यावा या हौसेने, दारी मांडव घालून कार्य करण्याचा विचार आपल्यांतील अनेक कुटुंबे पुन्हा करू लागली आहेत. या विचाराचे आम्ही मनापासून स्वागत करतो. मात्र ‘अंगण आपलेच आहे, मग खर्च तो कसला?’ असे म्हणून जे कार्यास हात घालतात, त्यांचा हिशेब अखेरीस कार्यालयाच्या हिशेबावर ताण करतो. म्हणून आज चार व्यवहाराच्या गोष्टी आपणांपुढे मांडावयाच्या आहेत.

अंदाजपत्रक म्हटले की आपण प्रथम याद्या करावयास बसतो. आमच्या मते आरंभ रकमेपासून व्हावा. घरातील कर्त्या पुरुषाने, गृहिणीने, आणि ज्याचे लग्न आहे त्या मुलाने वा मुलीनेही, एकत्र बसून प्रथम एकच आकडा कागदावर लिहावा: कर्ज न काढता, आणि धाकट्या भावंडांच्या शिक्षणास हात न लावता, आपणांस किती खर्च करता येईल? कर्जाचे स्वरूप पुष्कळांच्या ध्यानात येत नाही. दोन लाख रुपये दरसाल दरशेकडा १४ दराने पाच वर्षांच्या मुदतीने घेतले, तर महिन्याचा हप्ता सुमारे ४,६५० रुपये बसतो आणि फेड होईतो एकूण २,७९,००० रुपये भरावे लागतात. वरचे ७९,००० रुपये ना वधूच्या अंगावर दिसतात, ना पाहुण्यांच्या पानात. एखाद्या होतकरू मुलाच्या पदविकेच्या शिक्षणास त्यांचा केवढा आधार झाला असता, याचा विचार घरोघर व्हावा.

समजा, असा विचार करून एका कुटुंबाने तीन लाखांचा आकडा ठरविला. त्यातील एक दशांश, म्हणजे ३०,००० रुपये, प्रथमच बाजूस काढून गृहिणीच्या हाती द्यावेत व ते नाहीतच असे समजून पुढे चालावे. वळीव कोसळतो, विजेची तार जळते, वरपक्षाकडून आणखी एक गाडी भरून माणसे येतात; तेव्हा ही रक्कम उपयोगी पडते.

आता जेवणाचा विषय. येथे आपण माणसे मोजतो. मोजावयाची असतात ती पाने. दीडशे निमंत्रितांचे कार्य म्हटले म्हणजे यजमान दीडशे पानांचा हिशेब करतो. पानास ३०० रुपये धरले, तर ४५,००० रुपये झाले, असे म्हणून तो वही मिटतो. परंतु आचारी, वाढपी, मांडववाले, वाजंत्री, छायाचित्रकार, गाड्यांचे चालक हे पंचवीस जण जेवणारच, आणि त्यांनी जेवलेच पाहिजे. म्हणजे मुख्य पंगतीची पाने १७५, खर्च ५२,५०० रुपये. आदल्या रात्री हळद व सीमांतपूजनाच्या निमित्ताने घरची, दूरची व कामाची मिळून सत्तर पाने होतात. साधे जेवण १८० रुपयांप्रमाणे धरले तरी १२,६०० रुपये. सकाळच्या पोह्या-चहाची नव्वद माणसे, ६० रुपयांप्रमाणे ५,४०० रुपये. बेरीज ७०,५०० रुपये. वही मिटताना धरलेल्या आकड्याहून ही रक्कम २५,५०० रुपयांनी अधिक आहे, आणि यात कोणतीही चैन नाही! दर गावोगाव निराळे असतील. मोजण्याची रीत तेवढी हीच ठेवावी.

पक्वान्ने किती असावीत, हा वादाचा विषय आहे. जिलेबी असता पुन्हा श्रीखंड कशास, हे आम्हांस आजवर कोणी पटवून दिलेले नाही. मसालेभात, एक गोड पदार्थ, दोन भाज्या, कोशिंबीर, पुरी, साधे वरण-भात आणि मठ्ठा एवढ्याने पंगत तृप्त होते. खरी नासाडी होते ती पानात एकदम भरभरून वाढल्याने. ज्ञातीतील तरुणांनी वाढपाचे काम अंगावर घेतले आणि थोडे थोडे, पण आग्रहाने वाढले, तर आचाऱ्याच्या यादीतील बरेच सामान शिल्लक राहते.

मांडवाकडे वळू. अंगण फुकट असले तरी त्यास कार्याजोगे करणे फुकट नसते. कार्यालयाच्या भाड्यात बहुधा खुर्च्या, पाणी, दिवे, भांडी, शौचालये आणि झाडलोट येते. दारी यांतील प्रत्येक वस्तू निराळी आणावी लागते. तीस फूट रुंद व चाळीस फूट लांब अंगणात बाराशे चौरस फूट जागा होते. बोहले, जाण्यायेण्याची वाट व वाजंत्र्यांची जागा वजा जाता शंभराच्या आतबाहेर खुर्च्या मावतात, त्याहून अधिक नाही. चूल निराळ्या जागी, मांडवाच्या कापडापासून दूर असावी. घरातील एक शौचालय दीडशे माणसांस पुरत नाही. शेजाऱ्यांशी आधी बोलून ठेवावे, अथवा फिरती शौचालये भाड्याने आणावीत. वयस्क स्त्रियांची या बाबतीत होणारी कुचंबणा पुरुषमंडळींच्या ध्यानातच येत नाही, म्हणून हे मुद्दाम सांगतो. सर्व मिळून ६०,००० ते ६५,००० रुपये मांडवाच्या सदरात धरावेत.

यावरून आमचा निष्कर्ष असा की, दारचे लग्न स्वस्त पडते ते पाहुणे दीडशेच्या आत असतील तरच. दोनशेच्या वर यादी गेली, तर निमूटपणे कार्यालय धरावे. हे म्हणणे कित्येकांस रुचणार नाही. परंतु यादी वाढवून अंगण काही वाढत नाही.

यादी लहान कशी करावी? साथीच्या काळात मे २०२० मध्ये विवाहास पन्नास माणसांची मर्यादा होती, आणि एप्रिल २०२१ मध्ये आपल्या राज्यात ती पंचविसांवर व समारंभ दोन तासांवर आला. त्या दिवसांत लागलेली लग्ने काही कमी पक्की ठरली नाहीत. त्याच्याही फार पूर्वी, १८७३ साली महात्मा फुले यांनी सत्यशोधक समाज स्थापिला आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला त्या पद्धतीचा पहिला विवाह अगदी थोडक्या खर्चात पार पडला. म्हणजे साधेपणा ही परक्यांची रीत नव्हे. दोन्ही पक्षांनी साखरपुड्याच्या वेळीच आपापली संख्या ठरवून लिहून द्यावी, आणि वरपक्षाने ती पाळावी. वधूपित्यास ‘तुमची माणसे अधिक झाली’ असे व्याह्यांना सांगण्याचे धैर्य होत नाही. ते काम ज्ञातीतील वडीलधाऱ्यांनी करावे.

मुहूर्ताचाही खर्चाशी संबंध आहे. तुळशीच्या लग्नानंतर मुहूर्त सुरू होतात. मे महिन्यात मुलांच्या सुट्या असतात खऱ्या, परंतु तेव्हा मांडवाचे, आचाऱ्याचे व गाड्यांचे दर चढलेले असतात, आणि वळवाच्या भीतीने ताडपत्रीचा खर्च वाढतो. मार्गशीर्ष व माघ हे महिने उघड्या अंगणास अधिक सोयीचे. रात्री दहापासून सकाळी सहापर्यंत ध्वनिक्षेपक लावण्यास २००० सालच्या नियमांनी बंदी आहे. तेव्हा हळदीच्या रात्री पहाटेपर्यंत वाजविण्यासाठी यंत्रे भाड्याने आणणे हा खर्चही व्यर्थ व शेजाऱ्यांचा शापही पदरी.

जेवण, मांडव व राखीव रक्कम वजा जाता आपल्या कुटुंबाच्या हाती सुमारे १,३४,५०० रुपये उरतात. त्यांत वस्त्रे, मंगळसूत्र, उपाध्याय, वाजंत्री, पत्रिका, छायाचित्रे, प्रवास व मानपान बसवावयाचे. येथे काटछाट कोठे करावी हे ज्याचे त्याने ठरवावे. आम्ही स्वतः लग्नापूर्वीच्या हौशी चित्रीकरणावर प्रथम काट मारू आणि मानपानाच्या साड्यांवर त्यानंतर, कारण त्या साड्या एका कपाटातून दुसऱ्या कपाटात फिरत राहतात व नेसत कोणीच नाही.

एका सदराविषयी मात्र तडजोड नको. हुंडा घेणे व देणे हे दोन्ही १९६१ च्या कायद्याने गुन्हे आहेत. ‘आम्ही काही मागत नाही, तुम्ही मुलीला हौसेने द्याल ते द्या’ या गोड वाक्याने किती घरे पोखरली गेली, हे या सभागृहात बसलेल्या मातांना आम्ही सांगावयास नको. १९८५ च्या नियमांप्रमाणे वधूवरांस मिळालेल्या भेटींची यादी, वस्तूचे वर्णन, अंदाजे किंमत व देणाऱ्याचे नाव यांसह करून ठेवावयाची असते. ती मांडव उतरण्यापूर्वीच करावी. मुलीची प्रत मुलीच्या हाती असावी.

शेवटी हिशेबाविषयी. मुलीकडच्यांनीच सर्व खर्च सोसावा, ही रूढी आता टाकावी. जेवण व मांडव यांचा खर्च दोन्ही पक्षांनी निम्मा-निम्मा करावा, आणि लग्नानंतर आठ दिवसांत सर्वांचे पैसे चुकते करावेत. आचाऱ्याच्या मदतनीसांस तर त्याच सायंकाळी. ज्या कुटुंबांस आपले अंदाजपत्रक कोणास तरी दाखवावेसे वाटेल, त्यांनी संकोच न धरता कार्यकारिणीतील कोणाही सभासदास ते दाखवावे. त्यातील आकडे त्या खोलीबाहेर जाणार नाहीत. मंडळाची पातेली, पराती, ताटे व वाट्या सभासदांच्या कार्यासाठीच आहेत. त्यांची नोंदवही चिटणीसांपाशी असते. एकाच तिथीस दोन घरांची मागणी येते, तेव्हा पंधरा दिवस अगोदर नाव नोंदवावे आणि भांडी परत करताना मोजून द्यावीत.