गोष्टी वाहणारे कण

इंग्रज कादंबरीकार टेरी प्रॅचेट यांनी कासवावर चार हत्ती व हत्तींवर तबकडी असे एक जग कल्पिले. गणिती स्ट्युअर्ट व जीवशास्त्रज्ञ कोहेन यांच्यासह त्यांनी १९९९ साली लिहिलेल्या पुस्तकात त्या जगाचे मूलद्रव्य येते: नॅरेटिव्हियम. त्याच्या बळावर तेथे गोष्टीत असते तसेच घडते. आठव्या मुलाला झालेला आठवा मुलगा जादूगार होणारच! आपल्या जगात मात्र हे द्रव्य नाही; असलेच तर माणसाच्या मनात, असे हे लेखक सांगतात.

आम्हांला हे पटते. ‘न्यायाची बाजू शेवटी जिंकतेच’ म्हणून घरी बसलेल्यांचा संप फुटलेला आम्ही पाहिला. त्याच गोष्टीच्या आधारावर उपाशीपोटी गेटावर उभी राहिलेली माणसेही पाहिली. गोष्ट आपोआप खरी होत नाही. ती वाहणारे कण आपणच.