वाडा कोणाचा?



बाजीराव रस्त्यावरचा विश्रामबागवाडा आपण शाळेत जाता-येता रोज पाहिला. त्याचा लाकडी सज्जा अजून डोळ्यांसमोर आहे. पण हा वाडा कोणाचा, असा प्रश्न तेव्हा कोणाला पडला नाही. आज तोच घेऊन आले आहे.

दुसऱ्या बाजीरावाने तो एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला बांधला. त्यात राहायला मिळाले ते मात्र जेमतेम दहा-अकरा वर्षे. १८१८ मध्ये पेशवाई बुडाली आणि बाजीराव बिठूरला गेला. तिथेच १८५१ मध्ये तो वारला.

वाडा कंपनी सरकारच्या ताब्यात आला. १८२१ मध्ये तिथे संस्कृत पाठशाळा सुरू झाली. पेशवे विद्वानांना दक्षिणा देत, त्याच दक्षिणा फंडातून तिचा खर्च भागे. डेक्कन कॉलेजचे मूळ या पाठशाळेत आहे.

१८७९ मध्ये आग लागली. बुधवारवाडा जळाला, तो गेलाच. विश्रामबागेचाही काही भाग जळाला. पण तो लोकवर्गणी आणि नगरपालिकेच्या पैशातून पुन्हा उभा राहिला. वर्गणी देणाऱ्यांपैकी कोणाच्याही नावावर त्या वाड्याची एक वीट नव्हती! पुढे १९३० ते १९५९ तिथे पालिकेची कार्यालये होती. आजही वाडा महापालिकेकडेच आहे.

मी सॉफ्टवेअरमधली. आमच्याकडे मालक बदलले तरी प्रणाली चालत राहते. वापरणारे संपले की ती संपते. वाड्यांचेही तसेच असावे. मालकी कागदावर बदलत गेली, पण प्रत्येक पिढीला तिथे काही ना काही काम होते.

आता आपल्या शाळेकडे येते. जुन्या इमारतीचे छत गळते, वरचे दोन वर्ग बंद आहेत. जमलेल्या निधीतून आपल्या बॅचच्या नावाची संगमरवरी पाटी लावावी, अशी सूचना आली आहे. भावना मला समजते. तरी माझी विनंती आहे, पाटी राहू द्या. आधी छत दुरुस्त करू, आणि त्या दोन वर्गांत संध्याकाळची अभ्यासिका सुरू करू. घरी अभ्यासाला जागा नसलेली मुले आजही या शाळेत आहेत.

इमारत संस्थेची आहे, आपली नाही, हे खरे. १८७९ च्या पुणेकरांनाही ते ठाऊक होतेच.

आठवड्यातली एक संध्याकाळ ज्यांना देता येईल, त्यांनी चहाच्या वेळी माझ्याकडे नाव नोंदवावे. पहिले नाव मी माझे लिहिले आहे.