पायरीचा दगड आणि टाचेतला खिळा

(ताथवडे इथं तरुणांच्या अभ्यासवर्गात केलेलं भाषण)



आज तुमच्यापुढं दोन वस्तू ठेवतो. दोन्ही ज्यूंच्या जुन्या मुलखातल्या. मग घराकडं वळू.

पहिला एक दगड. १९६१ साली कैसरियात इटालियन संशोधकांना सापडला. त्यावर रोमन सुभेदार पिलाताचं नाव. येशूला क्रुसावर चढवायचा हुकूम देणारा तोच हा. यानं ऐटीत नाव कोरून घेतलं. पुढं कुणीतरी तोच दगड नाटकगृहाच्या जिन्याला लावला. सुभेदाराची पायरी झाली!

दुसरी वस्तू माणसाची टाच. १९६८ साली जेरुसलेममध्ये जुन्या कबरी निघाल्या. वसिलिओस त्साफेरिस या पुरातत्त्वज्ञानं त्या खणल्या. हाडं ठेवायच्या दगडी पेटीत एक टाचेचं हाड, त्यात आरपार लोखंडी खिळा. साडेअकरा सेंटिमीटर लांब. टोक वाकलेलं, म्हणून हाडातच राहिला. पेटीवर नाव खरडलेलं : यहोहानान. क्रूस कुणासाठी असायचा? गुलामांसाठी, बंडखोरांसाठी. म्हणजे आपल्यासारख्यांसाठीच की!

पण नीट ऐका. हा खिळा येशूचा नाही. त्यानं कुठलाच चमत्कार सिद्ध होत नाही. तो एवढंच सांगतो, की या नावाच्या माणसाला असं मारलं. खरा अभ्यासक तिथंच थांबतो. दगड जेवढं बोलला तेवढंच लिहितो. आपल्या इतिहासालाही हीच शिस्त लावा. खोट्या वैभवाची आपल्याला गरज नाही.

आपल्याकडं हे काम दामोदर धर्मानंद कोसंबींनी केलं. माणूस गणिताचा. पण पुण्याभोवतालच्या टेकड्या पायी तुडवल्या, गारेची बारीक हत्यारं वेचली, कार्ल्याचे लेख वाचले, धनगरांना त्यांच्या देवांबद्दल विचारलं. पोथीवाल्यांना जे दिसलं नाही, ते त्यांना पायवाटेवर दिसलं. १९६२ चं त्यांचं ‘मिथ अँड रिअ‍ॅलिटी’ वाचाच.

आता आपला पत्ता. बाबासाहेबांनी २५ डिसेंबर १९५४ ला देहूरोडला बुद्धमूर्ती बसवली. तिथून पुढं घोरावडेश्वराचा डोंगर, शेलारवाडीची बौद्ध लेणी. आज तिथं महादेव आहे. पण भिंतीवरचा ब्राह्मी लेख हटलेला नाही. लेणं दान देणारी बाई सियगुतनिका, राहणार धेनुकाकट. नवरा उसभणक, नांगर धरणारा कुणबी. राजा नाही, शेठ नाही. नांगरकऱ्याची बायको दगडावर बोलते आहे!

आणि आपण? तिच्या अंगावर खडूनं बदाम काढतो.

इथं ताथवड्यात जेसीबी रोज जमीन उकरतोय. त्या मातीबरोबर काय गेलं, कुणी पाहिलं? म्हणून सांगतो, कुदळ नको, वही घ्या. ब्राह्मी शिका. लेख उतरवून घ्या. म्हातारीला विचारा, तिचं उत्तर तारखेसकट लिहा. आपला इतिहास दुसऱ्यानं वाचून दाखवायची वाट बघू नका.

जय भीम.