बडोद्याचे ग्रंथालय आणि पाटणची भांडारे



ग्रंथ जपणे आणि ग्रंथ वाचकापर्यंत नेणे ही दोन निराळी कामे होत. पहिले काम या देशात प्राचीन काळापासून निष्ठेने होत आले आहे. दुसऱ्या कामाचा नेटाने विचार करणाऱ्यांत बडोदे शहराचे नाव अग्रभागी येते.

नाशिक जिल्ह्यातील कवळाणे गावी जन्मलेले आणि दत्तकविधानाने बडोद्याच्या गादीवर आलेले श्रीमंत सयाजीराव महाराज गायकवाड यांनी १८९३ साली अमरेली भागात सक्तीचे मोफत प्राथमिक शिक्षण सुरू केले व १९०६ नंतर ते साऱ्या संस्थानात नेले. शाळा झाली, परंतु शाळा सोडलेल्या मुलाच्या हाती पुढे पुस्तकच आले नाही, तर शिकलेली अक्षरे चार-दोन वर्षांत पुसली जाणार. १९०६ साली अमेरिकेच्या प्रवासात महाराजांनी तेथील सार्वजनिक ग्रंथालये पाहिली आणि १९१० मध्ये विल्यम बॉर्डन या अनुभवी ग्रंथपालास बडोद्यास पाचारण केले. राजवाड्यातील सुमारे २०,००० ग्रंथ प्रजेसाठी देऊन मध्यवर्ती ग्रंथालयाची पायाभरणी झाली.

मांडवी भागातील या ग्रंथालयाच्या पोलादी मांडण्या व उजेड खाली झिरपावा म्हणून घातलेली काचेची जमीन यांचे कौतुक पाहुणे आजही करतात. तथापि खरे नवल इमारतीत नव्हे. स्त्रियांसाठी स्वतंत्र विभाग होता. मुलांच्या दालनात पुस्तकांबरोबर चित्रे व खेळही होते. आणि हे अशा काळात, जेव्हा मुलाने ग्रंथास हात लावणे म्हणजे ग्रंथ खराब करणे, असेच बहुतेक घरांत समजत. ज्यांना अक्षरओळख नाही त्यांच्यासाठी जादूचा कंदील आणि चलच्चित्रे घेऊन मंडळी गावोगाव जात. वाचता न येणारा माणूससुद्धा ग्रंथालयाचा आहे, ही जाणीव त्यामागे होती.

खेड्यांसाठी फिरत्या पेट्या निघाल्या. एका लाकडी पेटीत साधारणतः पंधरा ते तीस पुस्तके. जाण्या-येण्याचे भाडे सरकारचे. आता, इतक्या थोड्या जागेत कोणती पुस्तके घालावीत? हजारोंच्या संग्रहातून वीस निवडणे हीच वाचकास दिलेली शिफारस होय, आणि ती करणाऱ्यास गाव कोणते, भाषा कोणती, वाचणारे कोण, याचे भान ठेवावेच लागते. कायमचे वाचनालय हवे असेल, तर खर्चाचा एक हिस्सा गावकऱ्यांनी वर्गणीने उभा करावा, म्हणजे उरलेल्याची सोय प्रांत पंचायत व सरकार करील, असा रिवाज होता. फुकट मिळालेल्या वस्तूपेक्षा वर्गणी दिलेल्या वस्तूवर गावाचे लक्ष अधिक राहते, हे व्यवहारज्ञान त्यात दिसते. बॉर्डन तीनच वर्षे राहिले. त्यानंतरचा भार जनार्दन सखाराम कुडाळकर यांनी वाहिला. १९१२ पासून ग्रंथालयाचे नियतकालिक इंग्रजी, गुजराती व मराठी अशा तिन्ही भाषांत निघत असे.

बाहेर ग्रंथ पाठविणाऱ्या या संस्थेने स्थानिक इतिहासाचेही मोठे कार्य केले. पाटण हे चौलुक्यांची राजधानी, आचार्य हेमचंद्रांची कर्मभूमी. आणि तेव्हा ते बडोदे संस्थानातच होते. तेथील जैन ज्ञानभांडारांत ताडपत्रांवरील शेकडो पोथ्या बासनांत बांधून श्रावकांनी पिढ्यानपिढ्या सांभाळल्या होत्या. धुमश्चक्रीच्या शतकांत हे धन वाचले ते या कडक राखणीमुळेच. परंतु त्याच कडकपणामुळे बाहेरच्या विद्वानांना सर्व भांडारे सहजासहजी खुली होत नसत. मध्यवर्ती ग्रंथालयाच्या संस्कृत विभागाचे चिमणलाल डाह्याभाई दलाल १९१४ च्या सुमारास तेथे गेले. प्रवर्तक मुनिश्री कांतिविजयजी यांच्या साहाय्याने भांडारे उघडली आणि दलालांनी पोथ्यांची पाहणी करून नोंदी केल्या. हुकुमाने जे झाले नसते, ते मुनिश्रींच्या शब्दाने झाले.

त्या शोधाचे फळ लवकरच दिसले. राजशेखराची ‘काव्यमीमांसा’ १९१६ मध्ये गायकवाड प्राच्य ग्रंथमालेचे पहिले पुष्प म्हणून प्रसिद्ध झाली. राजशेखराचे घराणे महाराष्ट्रातील मानले जाते. म्हणजे मराठी मुलखाशी नाते सांगणारा हा ग्रंथ गुजरातेतील जैन भांडारांच्या राखणीने जगापुढे आला. धनपालाची अपभ्रंश ‘भविसयत्तकहा’ दलालांनी हाती घेतली होती, पण १९१८ मध्ये त्यांचा अकाली अंत झाला. ते संपादन पुण्याचे डॉ. पांडुरंग दामोदर गुणे यांनी पुढे नेले व १९२३ साली ग्रंथ निघाला. पाटणच्या पोथ्यांची वर्णनात्मक सूची मात्र दलालांच्या टिपणांवरून पंडित लालचंद्र भगवानदास गांधी यांनी सिद्ध केली, ती १९३७ मध्ये.

या साऱ्या उपक्रमात एक उणीव राहिली. त्यास आधार राजेच्छेचा होता, कायद्याचा नव्हे. सार्वजनिक ग्रंथालयांचा कायदा प्रथम केला तो कोल्हापूर संस्थानाने, १९४५ मध्ये. महाराष्ट्राचा आला १९६७ साली, गुजरातचा तर २००१ मध्ये. १९४९ साली बडोदे मुंबई राज्यात विलीन झाले आणि हस्तलिखितांचे प्राच्यविद्या मंदिर त्याच वर्षी स्थापन झालेल्या विद्यापीठाकडे गेले. मध्यवर्ती ग्रंथालय त्याच मांडवीत राहिले.

पाटणमध्ये तत्पूर्वीच, १९३९ साली, हेमचंद्राचार्य जैन ज्ञानमंदिर उघडले होते. निरनिराळ्या भांडारांतील अनेक पोथ्या श्रावकांनी तेथे एका छताखाली आणून ठेवल्या. अभ्यासक आज त्या तेथे बसून पाहतात.