गणपतीच्या पानासाठी रायवळ कैरीची मसालेदार चटणी
(शिळफाटा येथे शेतकरी बंधू-भगिनींसमोर केलेल्या भाषणावरून)



एप्रिल-मे महिन्यात वळवाचा वारा सुटला की खालापूर-कर्जतच्या बांधावरील रायवळ झाडांखाली कैरीचा सडा पडतो. बाजारात तिला भाव नाही. आणि भाद्रपदात पाहुण्यांनी घर भरते तेव्हा तोंडी लावण्यासाठी आपण शिळफाट्यावरील दुकानातून बाटली विकत आणतो! पडलेल्या कैरीचीच गोड-तिखट चटणी केली तर ती गणपतीपर्यंत टिकते. मात्र मधल्या काळात येथे तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, म्हणून चवीइतकेच लक्ष टिकवणीकडे द्यावयास हवे.

कैरी जून, बाठ धरलेली घ्यावी. कोवळी असल्यास लोणच्याकडे वळवावी. मार लागलेला भाग कापून टाकावा. सडका वास येणारी कैरी मात्र पूर्णच फेकावी. साल व बाठ काढून एक किलो कीस घ्यावा. त्यास गूळ ७५० ग्रॅम, मीठ ३५ ग्रॅम, किसलेले आले २५ ग्रॅम, मिरची पूड १० ग्रॅम, जिरे व बडीशेप प्रत्येकी ५ ग्रॅम, लवंगा पाच, दालचिनीचा बोटभर तुकडा व दोन मसाला वेलदोडे लागतात. कांदा-लसूण मी मुद्दाम सांगत नाही, कारण नैवेद्याच्या पानात तो चालत नाही. व्हिनेगरचीही गरज नाही, कैरीचा आंबटपणा पुरेसा आहे. पिकत आलेली कैरी असेल तर दोन लिंबांचा रस घालावा.

प्रथम कीस कपभर पाण्यात मऊ शिजवावा, मगच गूळ घालावा. आधी गूळ घातला तर कीस आकसून चिवट होतो, पुढे कितीही शिजवला तरी मऊ होत नाही. गूळ थोड्या पाण्यात विरघळवून गाळून घ्यावा. त्यात किती कचरा निघतो ते एकदा पाहाच. जिरे, बडीशेप व खडा मसाला भरड कुटून, फडक्यात पुरचुंडी बांधून पातेल्यात सोडावा व शेवटी पिळून काढावा. त्याने चटणी काळी पडत नाही. मीठ, मिरची व आले गुळाबरोबरच घालावे. पातेले स्टेनलेस स्टीलचे असावे. कल्हई उडालेल्या पितळी पातेल्यात आंबट पदार्थ शिजवू नये, तो विषारी होऊ शकतो.

चटणी झाली हे कसे ओळखावे? रिकाम्या पातेल्याचे वजन आधीच करून ठेवावे. आतील चटणी सुमारे दीड किलो उरली की उतरवावी. त्या वेळी तिच्यातील विद्राव्य घटक साठ टक्क्यांच्या आसपास येतात. फळांच्या चटणीस किमान पन्नास टक्के लागतात. वजनकाटा नसेल तर थंड बशीत चमचाभर घालावी. कडेने पाणी सुटता कामा नये.

बाटल्या लहान, पाव किलोच्या घ्याव्यात, म्हणजे उघडलेली बाटली सणातच संपते. तळाशी फडके घालून त्या पाण्यात पंधरा मिनिटे उकळाव्यात, उपड्या घालून निथळाव्यात. आतून कापडाने पुसू नयेत. बाटली गरम असतानाच उकळती चटणी बोटभर जागा सोडून भरावी व झाकण लगेच घट्ट लावावे. खाली लाकडी पाट ठेवावा, नाहीतर थंड ओट्यावर काच तडकते. पुष्कळ भगिनी चटणी निवू देतात व मग भरतात. निवताना हवेतील बुरशीचे बीज तीत पडते आणि श्रावणात वर पांढरा थर येतो. तो थर काढून खालची चटणी मुलांना वाढू नका, सगळी टाकून द्या. बुडबुडे आले, झाकण फुगले तर गूळ कमी पडला किंवा आटवणे अपुरे झाले असे समजावे. तीही खाऊ नये.

घरापुरती करताना रासायनिक परिरक्षकाची आवश्यकता नाही. गटाने विक्री करावयाची असेल तर २००६ च्या अन्नसुरक्षा कायद्यानुसार आधी नोंदणी करून घ्यावी, आणि बाटलीवर घटक, वजन, तयार केल्याची तारीख व नोंदणी क्रमांक छापावा.