पडद्यावरची आफ्रिकी बाई आणि तिचे कपडे



बोलायचे आहे आफ्रिकेतल्या चित्रपटांबद्दल, पण सुरुवात रस्त्यावरून करते. नोव्हेंबर २०१४ मध्ये नैरोबीत एका बसथांब्यावर पुरुषांच्या घोळक्याने एका बाईचे कपडे फाडून काढले. कारण काय, तर तिचा पेहराव म्हणे असभ्य होता. या प्रकाराचे चित्रीकरण सगळीकडे फिरले. मग बायका मोर्चा घेऊन निघाल्या. ‘माझा पोशाख, माझी निवड’ ही त्यांची घोषणा होती. कितीतरी जणी मुद्दाम आखूड स्कर्ट घालून आल्या होत्या. त्याच वर्षअखेरीस केनियाने कायद्यात दुरुस्ती केली. बाईला जबरदस्तीने विवस्त्र करणाऱ्याला किमान दहा वर्षे कैद, अशी.

यात सिनेमाचा काय संबंध, असे तुम्ही विचाराल. त्या पुरुषांची खात्री होती की आखूड स्कर्टचा अर्थ आपल्याला कळतो. हा अर्थ घरातून येतो, धर्मातून येतो, सरकारकडूनही येतो. मलावीत तर १९७३ साली कायदाच झाला होता की बायकांनी पँट घालायची नाही, गुडघ्याच्या वरचा स्कर्ट घालायचा नाही. तो जायला १९९०चे दशक उजाडावे लागले. आणि हा अर्थ पडद्यावरूनही येतो.

आफ्रिका म्हणजे ५४ देश. सगळ्यांबद्दल एका दमात बोलणे हा अडाणीपणाच होईल. म्हणून मोजक्या कलाकृतींपुरतेच बोलते.

नायजेरियात १९९२ साली ‘लिव्हिंग इन बाँडेज’ हा इग्बो भाषेतला चित्रपट व्हिडिओ कॅसेटवर आला आणि कॅसेटचा मोठा धंदा उभा राहिला. त्यात नवरा पैशासाठी आपल्या साध्यासरळ बायकोचा बळी देतो. त्याच निर्मात्याचा ‘ग्लॅमर गर्ल्स’ १९९४चा. लेगोस शहरातल्या एकट्या, नटलेल्या, श्रीमंत पुरुषांच्या जिवावर जगणाऱ्या मुलींची ही गोष्ट. म्हणजे साधी ती बळी आणि नटलेली ती बाजारबसवी. तिसरी जागाच नाही! पुरुषाकडे पैसा कुठून आला हे त्याच्या सुटावरून कुणी ठरवत नाही, बाईचे मात्र तिच्या टाचांवरून ठरते. गंमत अशी की बायका हे चित्रपट कपडे बघायलाही बघत. डोक्याला ताठ बांधायचे ‘गेले’, ब्लाउजांचे नवे नमुने. बोध दिग्दर्शकापाशी राहिला, नमुना शिंप्याकडे गेला. (इग्बो बायका समारंभाला नेसतात ते ‘जॉर्ज’ कापड भारतातून जाते, हे जाता जाता.)

याच्या कितीतरी आधी, १९६६ साली, सेनेगलच्या उस्मान सेंबेन यांनी ‘ब्लॅक गर्ल’ केला होता. डकारची दिऊआना एका फ्रेंच कुटुंबाकडे कामाला जाते. मुले सांभाळायची, फ्रान्स बघायचा, अशी तिची कल्पना. तिथे तिच्या वाट्याला येतो स्वयंपाक आणि लादी. ती चांगला झगा आणि उंच टाचांचे बूट घालून काम करते. मालकिणीला ते खुपते. झग्यावर अ‍ॅप्रन चढतो, बूट उतरवायला लागतात. त्या बुटांनी मालकिणीचे काय बिघडत होते? काहीच नाही. पण मोलकरणीने मोलकरीण दिसले पाहिजे. पुढे दिऊआना त्याच घरात जीव देते. हा चित्रपट मी जितक्या वेळा पाहिला तितक्या वेळा तो बुटांचा प्रसंग मला मृत्यूपेक्षा जड गेला. आमच्याकडे तक्रार घेऊन आलेल्या बाईला चौकीत आधी विचारतात, ‘काय घातलं होतंस?’ तिचे कपडे कोणत्या जागी शोभतात हे दुसऱ्याने ठरवायचे, हीच ती रीत.

अलीकडे वारे बदलले आहे. घानाच्या निकोल अमार्तेफियो यांनी २०१४ मध्ये ‘अॅन आफ्रिकन सिटी’ ही मालिका इंटरनेटवर आणली. परदेशातून अक्राला परतलेल्या पाच जणी, आफ्रिकी डिझायनरांचे सुंदर कपडे, पुरुषांविषयी मोकळ्या गप्पा. नटण्याबद्दल त्यांना शिक्षा होत नाही, हे मला फार आवडले. पण कॅमेरा या सुखवस्तू पाच जणींजवळच घुटमळतो. आधुनिक व्हायला आधी विमानाचे तिकीट लागते की काय, असे वाटू लागते.

म्हणून मला सेंबेन यांचीच ‘फात किने’ (२०००) जवळची वाटते. किने डकारमध्ये पेट्रोल पंप चालवते. शाळेत असताना शिक्षकापासून दिवस गेले, शाळेने तिलाच काढले. बापाने तिला जाळायला धाव घेतली, तेव्हा आई मध्ये पडली आणि आईची पाठ भाजली. दोन मुले, दोघांचेही बाप पळालेले. ती मुले आता परीक्षा पास होतात. किने कधी बुबू हा पायघोळ झगा घालते, कधी पाश्चात्य पोशाख, आणि चित्रपट त्यावरून तिची परीक्षा घेत नाही. ती हिशेब बघते, गिऱ्हाइकाला सुनावते, स्वतःला हवा तो पुरुष निवडते.

हे दोन्ही चित्रपट गटात दाखवण्यासारखे आहेत. आधी ‘ब्लॅक गर्ल’ घ्या, तो जेमतेम तासाभराचा आहे. त्यातली भाषा फ्रेंच आहे, तेव्हा कुणीतरी मध्येमध्ये थांबवून मराठीत सांगावे लागेल. बुटांच्या प्रसंगापाशी नक्की थांबवा आणि घरकाम करणाऱ्या बायकांना आधी बोलू द्या.